खोडलेल्या जागा

आमच्या घरी त्या दरीचे दोन नकाशे होते. एक पेन्सिलचा. तो माझ्या टेबलाच्या खणात असे. दुसरा शाईचा, टीव्हीशेजारच्या भिंतीला टाचलेला. शाईच्या नकाशावर फक्त खात्री झालेल्या जागा येत. ही पद्धत माझी. आठ महिने आम्ही ती काटेकोर पाळली, आणि तिच्यामुळेच जे लक्षात यायला हवे होते ते आठ महिने आले नाही.

घर हैदराबादला, नल्लकुंट्यात, पहिल्या मजल्यावर. राहणारी माणसे दोन: मी आणि माझी थोरली बहीण. तिला मी आक्का म्हणतो. तेव्हा ती सत्तावन्न वर्षांची होती, मी बावन्न. ती सिकंदराबादला रेल्वेच्या एका कार्यालयात जुन्या फायलींच्या विभागात काम करते. मी एका इंग्रजी वर्तमानपत्राच्या डेस्कवर आहे. दोघांनीही लग्न केले नाही. त्याची कारणे वेगवेगळी आहेत आणि इथे त्यांचे काम नाही.

खेळ घरात आला तो डेस्कवरच्या एका सहकाऱ्यामुळे. तो बंगळुरूला गेला आणि जाताना टीव्हीला जोडायचा गेमचा डबा माझ्याकडे ठेवून गेला. आत एकच खेळ होता. आपण एक माणूस तयार करायचा आणि त्याला एका दरीतल्या गावात राहायला पाठवायचे. तो नोकरी धरतो, स्वयंपाक शिकतो, शेजाऱ्यांशी भांडतो, आजारी पडतो, म्हातारा होतो, मरतो. जिंकणे-हरणे नाही. आक्काने पहिल्या दिवशी विचारले, "मग खेळायचं काय ह्याच्यात? हे तर रोजचंच आहे."

पण त्या दरीत लपलेल्या जागा होत्या. गाव, नदी, खाण, जंगल असे सगळे चौकोनांत विभागलेले होते. एका वेळी एक चौकोन पडदाभर दिसे आणि चित्र हलत नसे. एखाद्या चौकोनात मध्येच कुठेतरी एक ठिपका चकाके. दोन-तीन सेकंद. मग खेळातला ऋतू बदलेपर्यंत पुन्हा नाही. तिथे लपलेली जागा असे. पण ती उघडायची तर आपल्या माणसाला आधी म्हातारपण यावे लागे. तरुण माणसाला आत जाता येत नव्हते. तोवर चकाकी दिसली की नोंद करून ठेवायची, एवढेच करता येई.

माझी पाळी दुपारी तीनला सुरू होते, म्हणून मी सकाळी खेळत असे. आक्का साडेसहाला घरी येई आणि चहा झाल्यावर खेळायला बसे. दरी आणि तिच्यातल्या जागा त्याच, पण आक्काचा खेळ वेगळा साठवला जाई, माझा वेगळा. आम्ही एकत्र कधी खेळलो नाही. दोघांमध्ये एक शंभर पानी वही होती. सकाळची पाळी संध्याकाळच्या पाळीसाठी जशी टिपणे ठेवते, तशी आम्ही ती वापरली.

नियम असा होता. मला चकाकी दिसली तर मी वहीत फक्त चौकोनाचा क्रमांक लिहायचा. नेमकी जागा लिहायची नाही. ती माझ्या पेन्सिलच्या नकाशावर. आक्काने तो चौकोन ऋतूभर पाहायचा आणि तिला दिसले तर कुठे ते सांगायचे. जुळले तर शाई. तीन ऋतूंत तिला दिसले नाही तर फुली. तिच्या नोंदींची तपासणी मी याच रीतीने करायची. साक्षीदाराच्या तोंडी उत्तर घालायचे नाही आणि एकाच माणसाच्या सांगण्यावर छापायचे नाही, हे मी तीस वर्षे करत आलो होतो. घरी दुसरे काही सुचले नाही.

आक्काला नियम आवडला. जुन्या फायली सांभाळणाऱ्या माणसाला आवडणारच. ती वहीत तारीख घालून उत्तर देई: "सात-क. तिन्ही ऋतू पाहिले. नाही." खाली एक रेघ. कधी पुढे एखादे वाक्य: "एडिटरसाहेब, चष्म्याचा नंबर काढून घ्या."

"सात-कमध्ये होतं गं," मी एकदा म्हणालो.

"होतं तर मला कायको दिसलं नाही?"

"तू चहा पीत बसली असशील."

"हौ, अन् तू सकाळी अर्धवट झोपेत बसतोस. भुतं दिसतात तुला." ती हसली. "मार फुली. परेशान होऊ नको."

मी फुली मारली.

काही महिन्यांनी हिशेब असा दिसू लागला की तिने नोंदलेली प्रत्येक जागा मलाही सापडत होती. एकही फुली नाही. माझ्या नोंदींपैकी मात्र जवळजवळ तिसरा भाग फुल्यांखाली गेला होता. यावरून मी काढलेला निष्कर्ष मी तेव्हा तिला बोलूनही दाखवला. तू कमी सांगतेस पण खरे सांगतेस, मी जास्त सांगतो आणि त्यात चुका असतात. डेस्कवरही अशी दोन प्रकारची माणसे असतात. पहिल्या प्रकारच्या माणसावर कोणी शंका घेत नाही.

याच काळात घरात आणखी काही गोष्टी घडल्या. त्या मी क्रमाने सांगतो, कारण तेव्हा मी त्या क्रमाने पाहिल्या नाहीत.

स्वयंपाकघरातल्या वरच्या कपाटाचे दार उघडे राहिले की आक्काचे कपाळ त्याला लागे. महिन्यात दोनदा, तीनदा. ती दाराला शिव्या देई. गॅलरीतल्या दोरीवरचा ओला टॉवेल तिच्या तोंडावर येई आणि ती दचके. पौर्णिमेला ती तसबिरींचे हार बदलते. खाली आईवडिलांचा फोटो आहे, वर बुद्धांची तसबीर. एका पौर्णिमेला खालचा हार ताजा होता आणि वरचा गेल्या महिन्याचा, वाळून काळा पडलेला. मी विचारले तर ती म्हणाली, "एकच आणला होता." टोपलीत दुसरा हार होता. विसरली असेल असे मी धरले.

मग बरकतपुऱ्याच्या चौकात तिने लाल दिवा तोडला. ती रोज स्कूटरवर सिकंदराबादला जात असे, वीस वर्षे. मागून येणाऱ्या रिक्षावाल्याने तिच्या बाजूला येऊन ओरडून विचारले होते, "अम्मा, इत्ता बड़ा सिग्नल नै दिखा क्या?" घरी येऊन तिने त्याची नक्कल करून दाखवली. आम्ही दोघे हसलो. सिग्नल झाडाच्या फांदीने झाकला गेला होता, असे ती म्हणाली. त्या चौकातून मी रोज जातो. सिग्नल रस्त्यावर उंच लोखंडी कमानीला टांगलेला आहे. जवळ झाड आहे, पण फांदी तिथवर पोहोचत नाही. हे मला माहीत होते. मी काही बोललो नाही, कारण चूक झालेल्या माणसाला सबब लागते.

फुल्या वाढल्या तसा मी स्वतःचे डोळे तपासून घ्यायला गेलो. तीस वर्षे पडद्यासमोर काढली आहेत, नसलेले ठिपके दिसत असतील, असे मला वाटले. डॉक्टर बाई तरुण होत्या. त्यांनी दाब मोजला, आत प्रकाश टाकून पाहिले. डोळे ठीक आहेत म्हणाल्या. घरात कोणाला डोळ्यांचा आजार होता का, असे त्यांनी विचारले.

"वडिलांना मोतीबिंदू होता," मी सांगितले.

"ऑपरेशन झालं?"

"उशिरा झालं."

"मग दिसायला लागलं?"

"नाही. शेवटची सात वर्षं काहीच दिसत नव्हतं."

त्यांनी लिहिणे थांबवले. ऑपरेशन नीट होऊनही दृष्टी आली नसेल तर मागे दुसरे काहीतरी असू शकते, म्हणाल्या. कदाचित काचबिंदू. तो घराण्यात चालतो. बहीण-भाऊ असतील तर त्यांनाही तपासून घ्या.

वडील, आमचे आप्पा, नांदेडकडच्या खेड्यातून येऊन इथल्या सरकारी छापखान्यात बाइंडर झाले होते. दिसेनासे झाल्यावरही ते कागदाच्या गड्डीवरून बोट फिरवून पाने मोजत. आमच्या घरात त्यांच्या डोळ्यांना एकच शब्द होता, मोतीबिंदू, आणि त्याला जोडून एकच वाक्य: लवकर काढला असता तर बरे झाले असते. ते वाक्य आम्ही इतक्या लोकांना सांगितले होते की आम्हालाही ते खरे वाटत होते.

मी आक्काला डॉक्टरांचे म्हणणे सांगितले. ती कणीक मळत होती.

"माझ्या डोळ्यांना काय झालंय? पेपर बिनचष्म्याचा वाचते मी."

"एकदा दाखवू."

"पुढच्या महिन्यात. ऑफिसात फायली हलवायचं काम चाललंय."

पुढच्या महिन्यात ती फायलींचे बोलली नाही, मीही विचारले नाही. हे असे दोन महिने गेले.

त्यानंतर एका सकाळी माझा खेळातला माणूस म्हातारा झाला. केस पांढरे, चाल मंद, हातात काठी. आता त्याला आत जाता येणार होते. मी शाईच्या नकाशावरच्या जागा एकेक करून उघडू लागलो. गिरणीच्या मागे तळघर निघाले. पुलाखाली एक नाव निघाली. मग सात-कमध्ये आल्यावर, तपासून पाहू असा विचारही न करता, मी त्याला धबधब्याच्या माथ्यावर चढवले. तिथे मी पेन्सिलचा ठिपका दिला होता आणि वर फुली मारली होती.

पाणी बाजूला झाले. आत एक खोली होती. खाट, खुंटीवर कंदील, दरीकडे उघडणारी खिडकी. माझा म्हातारा खाटेवर बसला.

मी दुसरी फुली घेतली. देवळाच्या कळसामागची. उघडली. तिसरी, वडाच्या शेंड्यातली. उघडली. त्या सकाळी मी सगळ्या फुल्या तपासल्या. त्यात खोटी एकही नव्हती.

मग मी पेन्सिलचा नकाशा टेबलावर पसरला. आलेखाचा मोठा कागद होता तो. प्रत्येक चौकोन पडद्याच्याच प्रमाणात आखलेला, आणि ठिपका पडद्यावर जिथे दिसला तिथे दिलेला. इतके दिवस मी एका वेळी एकच चौकोन पाहत आलो होतो. आता पूर्ण कागद पाहिला. फुल्या विखुरलेल्या नव्हत्या. प्रत्येक रांगेच्या वरच्या कडेला त्यांची आडवी पट्टी होती. वरच्या रांगेत, खालच्या रांगेत, सगळीकडे. पट्टीच्या खाली एकही फुली नव्हती आणि पट्टीतली एकही जागा शाईच्या नकाशावर गेलेली नव्हती.

कपाटाचे दार, टॉवेल, वरचा हार, कमानीचा सिग्नल. मी ते वहीच्या शेवटच्या पानावर एकाखाली एक लिहिले. त्या दिवशी मी कामावर कळवले की येत नाही.

संध्याकाळी ती आली, पाणी प्यायली. मी तिला खुर्चीत बसायला सांगितले.

"आक्का, माझ्या नाकाकडे बघ. मान हलवायची नाही, डोळे हलवायचे नाहीत."

"कायको? पासपोर्टचा फोटो काढतोस का?"

"बघ फक्त. काय दिसतंय?"

"तू. दाढी नाही केलीस. ऑफिसला नाही गेलास ना?"

"माझ्या हातात काय आहे?"

"कुठं हात आहेत तुझे? खाली तर नाहीत."

माझा उजवा हात तिच्या समोर, माझ्या कपाळाच्या वीतभर वर होता. त्यात लाल पेन्सिल होती. मी ती हळूहळू खाली आणू लागलो. माझ्या भुवईच्या जवळ आल्यावर ती म्हणाली, "आता दिसली." थोड्या वेळाने तिने विचारले, "कुठून आणलीस?"

मी सांगितले. उठून तिने स्वयंपाकघरातले वरचे कपाट बंद केले. ते आधीच बंद होते.

तपासणीत एका पांढऱ्या वाडग्यासारख्या यंत्रात हनुवटी टेकवून बसायचे असते. मधल्या खुणेकडे पाहत राहायचे. आजूबाजूला बारीक दिवे क्षणभर लागतात. दिसला की हातातले बटण दाबायचे. एका डोळ्याला सहा-सात मिनिटे लागतात. आक्का बाहेर आली तेव्हा खुशीत होती.

"सोपं होतं," ती म्हणाली. "फार कमी दिवे लागले."

डॉक्टर बाईंनी कागद समोर ठेवला. दोन वर्तुळे, उजवा डोळा आणि डावा. दोन्हींचा वरचा भाग काळा होता, खाली येताना राखाडी होत गेलेला. मधोमध पांढरे. म्हणून ती पेपर वाचू शकत होती. दोन्ही डोळ्यांचा एकच भाग गेला असल्याने एक डोळा दुसऱ्याची उणीव भरून काढू शकत नव्हता. काचबिंदूत माणसाला काळे दिसत नाही, त्या म्हणाल्या. नसलेली जागा मेंदू स्वतःच भरून टाकतो. भिंत असेल तर भिंतीने, आभाळ असेल तर आभाळाने. रोग्याला काही कमी आहे असे वाटतच नाही. गेलेले परत येत नाही. उरलेले थेंबांनी धरून ठेवता येते, बहुतेकांचे.

"आठ महिन्यांत किती गेलं असेल?" मी विचारले.

"ते सांगता येणार नाही. आधीचा कागद नाही ना."

मी तोच प्रश्न आणखी दोन प्रकारे विचारला. सवयीने. उत्तर तेच आले. आक्का माझ्याकडे न बघता म्हणाली, "बस कर रे. बाईंना दुसरे पेशंट आहेत."

स्कूटर त्या दिवसापासून बंद झाली. आता ती विद्यानगर स्टेशनावरून लोकल गाडीने सिकंदराबादला जाते. फलाटावरच्या टांगलेल्या पाट्या तिला दिसत नाहीत, पण इतक्या वर्षांच्या नोकरीने कुठली गाडी कुठे लागते हे तिला पाठ आहे. कार्यालयात तिने अजून कोणाला सांगितलेले नाही. निवृत्तीला दीड वर्ष आहे. वरच्या फळीवरची फायल हवी असली तर ती दोन पावले मागे जाते आणि मान वर करून शोधते. "लोकांना वाटतं मी विचार करतेय," ती म्हणते.

टीव्हीसमोर ती नंतर बसली नाही. तिची खेळातली बाई अजून तरुण असेल. खेळ बंद असला की वय पुढे सरकत नाही.

सहा महिन्यांनी दुसरी तपासणी झाली. आता तुलनेला पहिला कागद होता. उजवा डोळा होता तसा होता. डाव्यात राखाडी पट्टा किंचित खाली आला होता. डॉक्टर बाईंनी थेंबांची दुसरी बाटली वाढवली. आता उजव्या डोळ्यात एक औषध आणि डाव्यात दोन, सकाळी आणि संध्याकाळी. घातल्यावर पाच मिनिटे डोळे मिटून पडायचे. संध्याकाळी मी कामावर असतो, तेव्हा ती स्वतः घालते आणि अर्धे थेंब गालावर जातात. सकाळचे मी घालतो.

त्या तपासणीनंतरच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ती पलंगावर आडवी होती, दोन्ही डोळे मिटलेले. पहिली बाटली झाली होती. दुसरीला पाच मिनिटे थांबायचे होते. मी घड्याळाकडे पाहत खुर्चीवर बसलो होतो.

"एक सांगू का," ती म्हणाली. "दोन-तीन वेळा मला दिसलं होतं."

"काय?"

"तुझ्या त्या जागा. धबधब्याचीसुद्धा. तू एवढं खात्रीनं म्हणतोस म्हणून मी मान मागं टाकून बघत बसले. तर चमकलं वर. स्पष्ट."

"मग 'नाही' का लिहिलंस?"

"मान सरळ ठेवून दिसलं नव्हतं ना."

खाली रस्त्यावर भाजीवाला तेलुगूत ओरडत गेला.

"कधीची गोष्ट?" मी विचारले.

"अगदी सुरुवातीचीच. आप्पा नव्हते का असेच बघायचे, कोंबडीसारखी मान करून? आई ओरडायची त्यांना. तसंच केलं मी. अन् दिसलं." ती थांबली. "वही तू दुसऱ्या दिवशी वाचणार होतास. 'मान वर केल्यावर दिसलं' असं लिहिलं असतं तर तू त्याच दिवशी मला दवाखान्यात नेलं असतंस."

"हौ. नेलं असतं."

"म्हणून."

तिच्यावर रागवायचा अधिकार मला होता की नाही, हे मी तेव्हाही ठरवू शकलो नाही. रिक्षावाल्याची नक्कल ऐकून मी हसलो होतो, आणि फांदी सिग्नलपर्यंत पोहोचत नाही हे मला माहीत होते.

"झाली का पाच मिनिटं?" तिने विचारले.

"झाली."

तिने डोळे उघडले आणि माझ्या चेहऱ्याकडे पाहिले. मी दुसरी बाटली कपाळाच्या बाजूने आणली. डोळ्यावर काही येताना दिसले की कोणाचीही पापणी मिटते. तिची मिटत नाही. डावी पापणी बोटाने धरायची गरजही पडत नाही. बाटली डोळ्याच्या बोटभर वर होती.

"घाल की," ती म्हणाली.

"घालतोय," मी म्हणालो, आणि थेंब पडल्यावर ती दचकली.